मान्यतेचा वाद आणि न्यायालयाची अधिकारिता : क्रीडा संघटनांविषयीच्या न्यायनिर्णयांची चिकित्सा

प्रास्ताविक

नोव्हेंबर २०२३ मध्ये महाराष्ट्राला एकाच महिन्यात दोन 'महाराष्ट्र केसरी' लाभले. पुणे जिल्ह्यातील फुलगाव येथील अंतिम लढतीत सिकंदर शेख याने शिवराज राक्षे याच्यावर विजय मिळविला. त्यानंतर काही दिवसांनी धाराशिव येथे भरलेल्या स्पर्धेत हर्षवर्धन सदगीर याला हरवून तोच शिवराज राक्षे केसरी ठरला. खरा केसरी कोणता, हा प्रश्न मल्लांनी आखाड्यात सोडवावा असा नव्हताच. दोन्ही स्पर्धांच्या आयोजकांपैकी राज्याची अधिकृत कुस्ती संघटना कोणती, हा खरा वाद होता. भारतीय कुस्ती महासंघाने २०२२ साली महाराष्ट्र राज्य कुस्तीगीर परिषद बरखास्त केल्यापासून तो धुमसत होता.

अशा वादात शेवटी कोणीतरी न्यायालयात जातो. कोणत्या न्यायालयात जावे, त्या न्यायालयाला हा वाद ऐकण्याचा अधिकार आहे काय, आणि असल्यास त्याने तो कोणत्या टप्प्यावर वापरावा, हे तीन प्रश्न परस्परांपासून भिन्न आहेत. आपल्या न्यायनिर्णयांनी पहिल्या दोहोंवर पुष्कळ लिहिले आहे. तिसऱ्यावर फारच थोडे. 'याचिका चालू शकते' असे ठरले की 'म्हणून स्थगिती देता येते' हे जणू ओघानेच येते, अशी एक सवय उच्च न्यायालयांना जडली आहे, असे प्रस्तुत लेखकाचे मत आहे. या सवयीची चिकित्सा करणे एवढाच या लेखाचा हेतू आहे.

मान्यता या शब्दाचे अनेक अर्थ

क्रीडा संघटनेची 'मान्यता' ही एकेरी गोष्ट नाही. आंतरराष्ट्रीय महासंघ एका देशातील एकाच संघटनेला सदस्यत्व देतो. भारतीय ऑलिम्पिक संघटना संलग्नता देते. केंद्र शासनाचे क्रीडा मंत्रालय राष्ट्रीय महासंघ म्हणून मान्यता देते. राष्ट्रीय महासंघ राज्य संघटनेला, राज्य संघटना जिल्हा संघटनेला संलग्न करून घेते. या उतरंडीतील प्रत्येक पायरीवर मान्यता देणारा वेगळा, त्याचे नियम वेगळे आणि त्याच्या निर्णयाचे कायदेशीर स्वरूपही वेगळे. जिल्हा संघटना व राज्य संघटना यांच्यातील नाते मुळात कराराचे आणि घटनेतील नियमांचे आहे. मंत्रालयाची मान्यता मात्र कार्यकारी अधिकारातून येते. १९७५ पासूनची मार्गदर्शक तत्त्वे आणि २०११ ची राष्ट्रीय क्रीडा विकास संहिता यांना २०२५ पर्यंत संसदेच्या अधिनियमाचा आधार नव्हता. राज्यघटनेच्या सातव्या अनुसूचीत क्रीडा हा विषय राज्यसूचीच्या ३३ व्या नोंदीत आहे. केंद्राने त्यात हात घालावा तो कशाच्या बळावर, या प्रश्नाला दिल्ली उच्च न्यायालयाने २००९ च्या नरिंदर बात्रा प्रकरणात उत्तर दिले : आंतरराष्ट्रीय स्पर्धांतील देशाचे प्रतिनिधित्व हा परराष्ट्र व्यवहाराशी निगडित विषय आहे आणि म्हणून तो संघसूचीत येतो.

वाचकांपैकी ज्यांनी महाविद्यालयात क्रीडा विभागाची जबाबदारी सांभाळली आहे, त्यांना या उतरंडीचा व्यावहारिक अर्थ वेगळा सांगावयास नको. दहावी-बारावीचे सवलतीचे क्रीडागुण असोत किंवा राज्य शासनाच्या सेवेतील खेळाडूंचे ५ टक्के आरक्षण असो, प्रमाणपत्रावरील शिक्का कोणत्या संघटनेचा आहे यावर सारे अवलंबून असते. दोन संघटना असतील तर दोन शिक्के, आणि त्यांपैकी एक उद्या निरुपयोगी ठरण्याची शक्यता. खेळाडूने मैदानावर काय केले याचा त्या पडताळणीत संबंधच येत नाही.

झी टेलिफिल्म्स आणि त्यानंतर

या विषयावरील चर्चा बहुधा झी टेलिफिल्म्स विरुद्ध भारत सरकार या २ फेब्रुवारी २००५ च्या निर्णयापासून सुरू होते. वाद क्रिकेट सामन्यांच्या प्रक्षेपण हक्कांचा होता. संघटनेच्या मान्यतेचा नव्हे. भारतीय क्रिकेट नियामक मंडळ हे अनुच्छेद १२ च्या अर्थाने 'राज्य' आहे काय, एवढाच प्रश्न पाच न्यायमूर्तींपुढे होता. न्या. संतोष हेगडे यांनी लिहिलेल्या बहुमताच्या निर्णयाने नकारार्थी उत्तर दिले; न्या. एस. बी. सिन्हा यांनी न्या. व्हरियावा यांच्यासह विरोधी मत नोंदविले. तीन विरुद्ध दोन अशा या निर्णयाचा ताबडतोबीचा परिणाम असा की, मंडळाविरुद्ध अनुच्छेद ३२ खाली थेट सर्वोच्च न्यायालयात जाण्याचा मार्ग बंद झाला. परंतु मंडळ काही सार्वजनिक स्वरूपाची कर्तव्ये पार पाडते हे बहुमतानेही नाकारले नाही आणि अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालयात जाण्याचा मार्ग मोकळा ठेवला.

हा निर्णय पुष्कळांना अर्धवट वाटतो. प्रस्तुत लेखकाला तो तसा वाटत नाही. बहुमताला भीती होती ती अशी की, एका मंडळाला 'राज्य' म्हटले तर प्रत्येक राष्ट्रीय क्रीडा महासंघ 'राज्य' ठरेल आणि त्यांचा प्रत्येक अंतर्गत निर्णय मूलभूत हक्कांच्या निकषावर घासून पाहावा लागेल. ही भीती अनाठायी नव्हती. उणीव आहे ती दुसरीकडे. सार्वजनिक कर्तव्याचा भंग झाला तर रिट चालेल, असे म्हटल्यावर संघटनेच्या कोणत्या कृती सार्वजनिक कर्तव्यात मोडतात आणि कोणत्या केवळ सभासदांच्या आपसांतील व्यवहारात, याची रेषा आखणे आवश्यक होते. ती आखली गेली नाही. संघनिवड, स्पर्धा भरविणे, प्रक्षेपणाचे हक्क या गोष्टी एका बाजूला आणि मतदारयादीत दोन गटांपैकी कोणाचे नाव घालावे हा वाद दुसऱ्या बाजूला, असा भेद करता आला असता.

२२ जानेवारी २०१५ च्या क्रिकेट मंडळ विरुद्ध क्रिकेट असोसिएशन ऑफ बिहार या निर्णयाने हे दार अधिक रुंद केले. मंडळाची कार्ये सार्वजनिक असल्याने ते २२६ च्या अधिकारितेस अधीन आहे, हे न्या. ठाकूर व न्या. कलिफुल्ला यांच्या पीठाने निःसंदिग्ध केले. लोढा समितीच्या शिफारशींमुळे हा निर्णय गाजला. त्या गाजावाजात एक गोष्ट सहसा लक्षात घेतली जात नाही : याचिकाकर्ती संघटना स्वतःच मंडळाच्या मान्यतेविना होती. २००० साली बिहारचे विभाजन झाल्यानंतर मंडळाची पूर्ण मान्यता झारखंडच्या संघटनेकडे गेली आणि बिहारमध्ये प्रतिस्पर्धी संघटना परस्परांशी भांडत राहिल्या. संपूर्ण देशाच्या क्रिकेट प्रशासनाची पुनर्रचना ज्या खटल्यातून झाली, त्यातील वादीच्या राज्याचा संघ रणजी करंडकात परतला तो २०१८-१९ च्या हंगामात, तोही जानेवारी २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने आदेश दिल्यानंतर. विभाजनाच्या वर्षी दहा वर्षांचा असलेला मुलगा तोपर्यंत अठ्ठावीस वर्षांचा झाला होता.

एक निवडणूक, अनेक उच्च न्यायालये

अधिकारिता आणि संयम यांतील अंतर सर्वांत उघडपणे दिसले ते २०२३ च्या कुस्ती महासंघाच्या निवडणुकीत. महिला मल्लांच्या आंदोलनानंतर महासंघाचा कारभार हंगामी समितीकडे गेला होता. निवडणूक ११ जुलैला व्हावयाची होती. आसामच्या एका राज्य संघटनेने गौहाती उच्च न्यायालयात अर्ज केला : आम्हाला संलग्नता देण्याची शिफारस २०१४ मध्येच झाली होती, ती प्रत्यक्षात दिली गेली नाही, म्हणून आम्हाला मतदारयादीत स्थान नाही. न्यायालयाने २५ जूनला निवडणुकीस स्थगिती दिली. सर्वोच्च न्यायालयाने १८ जुलैला ती स्थगिती थांबविली. निवडणुकीची नवी तारीख १२ ऑगस्ट ठरली. तिच्या आदल्या दिवशी पंजाब व हरियाणा उच्च न्यायालयाने पुन्हा स्थगिती दिली. या वेळी वाद हरियाणाच्या दोन संघटनांपैकी मतदानाचा अधिकार कोणाचा, हा होता. ठरलेल्या मुदतीत निवडणूक न झाल्याने जागतिक कुस्ती महासंघाने २३ ऑगस्टला भारतीय महासंघास निलंबित केले.

परिणाम कोणाला भोगावे लागले? सप्टेंबरमध्ये बेलग्रेड येथील जागतिक स्पर्धेत भारतीय मल्ल तिरंग्याखाली उतरू शकले नाहीत. अंतिम पंघाल हिने ५३ किलो गटात कांस्यपदक मिळविले, पॅरिस ऑलिम्पिकसाठी देशाचा कोटा मिळविला, आणि हे सारे तिने त्रयस्थ ध्वजाखाली केले. आसाम किंवा हरियाणातील कोणत्याही संघटनेच्या कागदपत्रांशी तिचा संबंध नव्हता.

२८ नोव्हेंबर २०२३ रोजी सर्वोच्च न्यायालयाने चंदीगडची स्थगिती रद्द केली. संपूर्ण निवडणूक प्रक्रियाच थांबविण्याचे कारण समजत नाही. निवडणूक होऊ देऊन ती याचिकेच्या निकालाधीन ठेवणे हा योग्य मार्ग होता, असा त्या आदेशाचा आशय आहे. आदेश योग्य आहे, पण अतिशय त्रोटक आहे. उच्च न्यायालयाला अधिकारिता होती की नव्हती, यात तो शिरत नाही. किंबहुना शिरण्याची गरजच नव्हती, आणि हाच मुद्दा अधिक विस्ताराने मांडला जावयास हवा होता : अधिकारिता निर्विवाद असतानाही स्थगिती चुकीची असू शकते.

येथे प्रादेशिक अधिकारितेचा इतिहास थोडा पाहणे उपयुक्त ठरेल. निवडणूक आयोग विरुद्ध साका वेंकट राव या १९५३ च्या निर्णयानुसार, ज्या प्राधिकाऱ्याविरुद्ध रिट मागावयाचे तो त्या उच्च न्यायालयाच्या क्षेत्रात असावा लागे. तो नियम कायम असता तर दिल्लीत कार्यालय असलेल्या महासंघाविरुद्ध गौहाती किंवा चंदीगड येथे जाताच आले नसते. १९६३ च्या पंधराव्या घटनादुरुस्तीने हे बदलले. वादकारण अंशतः जेथे घडले तेथील उच्च न्यायालयालाही अधिकार मिळाला. सामान्य नागरिकाला दिल्लीपर्यंत हेलपाटे घालावे लागू नयेत, हा त्यामागील हेतू स्तुत्य होता. परंतु ज्या महासंघाचे मतदार वीस-पंचवीस राज्यांत विखुरलेले आहेत, त्याच्याबाबतीत या दुरुस्तीचा अर्थ असा होतो की, प्रत्येक राज्यातील असंतुष्ट गटाला आपल्या दाराशी असलेल्या न्यायालयातून संपूर्ण देशाची निवडणूक अडविता येते. कुसुम इनगॉट्स (२००४) या निर्णयात सर्वोच्च न्यायालयाने या धोक्यावर उपायही सुचविला आहे. वादकारणाचा एखादा लहानसा भाग आपल्या क्षेत्रात घडला एवढ्यावरून उच्च न्यायालयाने प्रकरण ऐकलेच पाहिजे असे नाही. अधिक सोयीचे न्यायालय दुसरे असेल तर ते नकार देऊ शकते. क्रीडा संघटनांच्या निवडणुकीला हे तत्त्व जितके चपखल लागू पडते तितके क्वचितच अन्यत्र पडत असेल. २०२३ च्या दोन्ही प्रसंगांत मात्र त्याचा प्रभाव दिसला नाही.

निवडणूक सुरू झाल्यावर हात आखडता घेण्याची शिकवण आपल्या न्यायालयांना नवी नाही. पोन्नुस्वामी (१९५२) हा निर्णय विधिमंडळाच्या निवडणुकीपुरता आणि अनुच्छेद ३२९ च्या मजकुरावर आधारलेला आहे, तो संघटनांना जसाच्या तसा लागू करता येणार नाही, हे मान्य. पण महाराष्ट्रातील वाचकांना जवळचे उदाहरण सहकाराचे आहे. श्री संत सद्गुरू जनार्दन स्वामी सहकारी दूध उत्पादक संस्था विरुद्ध महाराष्ट्र शासन या २००१ च्या निर्णयात, मतदारयादी तयार करणे हाच निवडणूक प्रक्रियेचा एक टप्पा आहे आणि त्या टप्प्यावर रिट अधिकारितेत हस्तक्षेप करू नये, निवडणूक झाल्यावर निवडणूक अर्जाचा मार्ग आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने सांगितले. दूध संस्थेच्या मतदारयादीबाबत जो संयम पाळावयाचा, तो राष्ट्रीय महासंघाच्या मतदारयादीबाबत का पाळू नये?

या प्रश्नाला एक गंभीर उत्तर आहे, ते टाळून पुढे जाणे प्रामाणिकपणाचे होणार नाही. सहकारी संस्थेच्या बाबतीत निवडणूक अर्ज हा कायद्याने दिलेला पर्यायी उपाय आहे. क्रीडा महासंघाच्या बाबतीत तसा वैधानिक उपाय तेव्हा नव्हता. 'निकालाधीन' निवडणूक ही कागदावर निर्दोष दिसते, प्रत्यक्षात निकाल येईपर्यंत पदाधिकाऱ्यांचा कार्यकाळ संपलेला असतो. अखिल भारतीय फुटबॉल महासंघाची २०१६ ची निवडणूक दिल्ली उच्च न्यायालयाने ऑक्टोबर २०१७ मध्ये रद्द ठरविली; सर्वोच्च न्यायालयात त्या आदेशाला स्थगिती मिळाली आणि तेच पदाधिकारी मे २०२२ पर्यंत कारभार पाहत राहिले. त्यानंतर न्यायालयाने प्रशासक समितीकडे कारभार सोपविला, तर त्रयस्थ हस्तक्षेपाचे कारण सांगून ऑगस्ट २०२२ मध्ये फिफाने भारताला निलंबित केले. गोकुळम केरळचा महिला संघ आशियाई स्पर्धेसाठी ताश्कंदला पोहोचला होता, तो न खेळता परतला. समिती विसर्जित झाल्यावर २६ ऑगस्टला निलंबन उठले, म्हणून ऑक्टोबरमध्ये भुवनेश्वर, मडगाव व नवी मुंबई येथे मुलींची सतरा वर्षांखालील विश्वचषक स्पर्धा होऊ शकली. म्हणजे न्यायालयाने घाई केली तरी हानी आणि विलंब केला तरी हानी.

तरीही दोन्ही हानी सारख्या नाहीत. विवादित प्रतिनिधींची मते वेगळ्या मोहोरबंद पाकिटात घ्यावीत, निकालावर त्यांचा परिणाम होतो काय ते आधी पाहावे, आणि होत असेल तरच वाद निश्चित मुदतीत निकाली काढावा, हा मार्ग सहकारातील निवडणूक लढविणाऱ्या कोणत्याही वकिलाला अपरिचित नाही. त्यात कोणाचा हक्क बुडत नाही आणि देशाचा ध्वजही उतरत नाही.

आंतरराष्ट्रीय महासंघांपुढे आपल्या न्यायालयांनी नमते घ्यावे, असा याचा अर्थ कोणी काढू नये. फिफाचा 'त्रयस्थ हस्तक्षेप' हा शब्दप्रयोग बराच सोयीस्कर आहे. पण न्यायालयाच्या आदेशाची पोहोच कोठे संपते याचे भान हवे. २०१० मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाने भारतीय हॉकी महासंघाच्या बाजूने निर्णय दिला. आंतरराष्ट्रीय हॉकी महासंघाच्या लेखी मात्र हॉकी इंडिया हीच भारताची संघटना राहिली.

धर्मादाय आयुक्तांच्या कार्यालयात

राज्य व जिल्हा पातळीवर चित्र पुन्हा निराळे आहे. महाराष्ट्रातील बहुतेक क्रीडा संघटना १८६० च्या संस्था नोंदणी अधिनियमाखाली आणि त्याचबरोबर १९५० च्या सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था अधिनियमाखाली नोंदलेल्या असतात. कार्यकारिणी बदलली की कलम २२ खाली फेरफार अहवाल द्यावयाचा. व्यवहारात त्याला सारे 'चेंज रिपोर्ट' म्हणतात. दोन गट असले की दोन चेंज रिपोर्ट येतात. कोणती सभा खरी, सूचना कोणाला पोहोचली, गणपूर्ती होती काय, सभासद नोंदवहीतील नावे कोणी वाढविली, याचा पुरावा तेथे घेतला जातो. आणि ज्या बाबींचा निर्णय या अधिनियमाखालील प्राधिकाऱ्याने करावयाचा, त्यांबाबत कलम ८० दिवाणी न्यायालयास मज्जाव करते.

म्हणजे 'खरी संघटना कोणती' या वस्तुस्थितीच्या प्रश्नासाठी साक्षीपुराव्याची यंत्रणा राज्यात उपलब्ध आहे. ती अत्यंत संथ आहे, हे तिच्या पायऱ्या चढलेला कोणीही सांगेल. प्रस्तुत लेखकाच्या ओळखीच्या एका जिल्हा संघटनेचा फेरफार अहवाल निकाली निघाला तेव्हा त्यातील कार्यकारिणीची मुदत केव्हाच संपली होती. या संथपणामुळेच पक्षकार उच्च न्यायालयात धावतात आणि तेथे शपथपत्रांवरून वस्तुस्थिती ठरवावी अशी अपेक्षा करतात. रिट अधिकारिता त्यासाठी घडविलेली नाही. परंतु आणखी एक गुंता आहे, त्याकडे आपल्या कायदेविषयक लेखनात फारसे लक्ष गेलेले नाही. धर्मादाय आयुक्त ठरवितात ते विश्वस्त कोण हे. राष्ट्रीय महासंघाची संलग्नता कोणाला, हे ठरविणे त्यांच्या कक्षेत नाही. एक गट चेंज रिपोर्ट जिंकून नोंदणी क्रमांकाचा धनी होतो, दुसऱ्याकडे महासंघाचे पत्र असते. दोघेही आपापल्या परीने अधिकृतच. फुलगाव आणि धाराशिव यांच्यासारखी जोडी अशा परिस्थितीत निर्माण होते.

२०२५ चा अधिनियम

राष्ट्रीय क्रीडा प्रशासन अधिनियम, २०२५ संसदेने ऑगस्ट २०२५ मध्ये संमत केला आणि त्याच महिन्यात त्यास राष्ट्रपतींची संमती मिळाली. मान्यतेला वैधानिक पाया मिळाला ही त्यातील मोठी गोष्ट. राष्ट्रीय क्रीडा मंडळाने मान्यता द्यावी, क्रीडा विवाद राष्ट्रीय क्रीडा न्यायाधिकरणाने ऐकावेत, दिवाणी न्यायालयांना त्यात अधिकार नसावा आणि अपील सर्वोच्च न्यायालयात व्हावे, अशी रचना त्यात आहे. आंतरराष्ट्रीय नियमांनुसार जे वाद क्रीडा लवादाकडे जावयास हवेत, ते त्यातून वगळलेले आहेत. निवडणुकांवर देखरेखीसाठी स्वतंत्र पथकाची तरतूद आहे. वर उल्लेखिलेली वैधानिक उपायाची उणीव यामुळे बऱ्याच अंशी भरून निघते, आणि म्हणून यापुढे ऐन मतदानाच्या तोंडावर रिट याचिका स्वीकारण्याचे समर्थन करणे उच्च न्यायालयांना अवघड जाईल.

अवघड जाईल, अशक्य नव्हे. एल. चंद्रकुमार (१९९७) या निर्णयाने अनुच्छेद २२६ ची अधिकारिता घटनेच्या मूलभूत संरचनेचा भाग मानली आहे. कोणताही अधिनियम ती काढून घेऊ शकत नाही. न्यायाधिकरणाच्या आदेशाविरुद्ध थेट सर्वोच्च न्यायालयात अपील ठेवले, तरी मधल्या पायरीवरील उच्च न्यायालय नाहीसे होत नाही. अधिकारितेचा प्रश्न सुटला असे मानणे म्हणूनच घाईचे होईल. संयमाचा प्रश्न जेथे होता तेथेच आहे, आणि त्याचे उत्तर अधिनियमातून नव्हे तर न्यायनिर्णयांतूनच यावे लागेल.

दुसरी शंका अंतराची. १९६३ च्या घटनादुरुस्तीने जे हेलपाटे वाचविले, ते एका राष्ट्रीय न्यायाधिकरणामुळे पुन्हा सुरू होण्याचा संभव आहे. राष्ट्रीय महासंघाला दिल्लीत वकील ठेवणे परवडते. गडचिरोली किंवा नंदुरबारच्या जिल्हा संघटनेला, किंवा जिचे प्रमाणपत्र दोन संघटनांच्या भांडणात अडकले आहे अशा एखाद्या खो-खोपटू मुलीला, ते परवडेल काय? दिवाणी न्यायालयाचे दार बंद करताना अधिनियमाने 'क्रीडा विवाद' या शब्दाची व्याप्ती जिल्हा पातळीपर्यंत नेली, असा अर्थ लावला जाणार असेल, तर धर्मादाय आयुक्तांपुढील फेरफार अहवालाचे काय होणार, हेही ठरावे लागेल. विश्वस्त व्यवस्था हा राज्याच्या कायद्याचा विषय. त्यातील कार्यकारिणीचा वाद क्रीडा संघटनेचा आहे म्हणून तो केंद्रीय न्यायाधिकरणाकडे वर्ग व्हावा, की दोन्ही कार्यवाह्या समांतर चालाव्यात? समांतर चालल्या आणि निर्णय परस्परविरोधी आले, तर शाळेतील क्रीडाशिक्षकाने कोणत्या संघटनेच्या निवड चाचणीला आपले विद्यार्थी पाठवावेत, हे त्याला कोणते न्यायालय सांगणार?